उंदरांची जाकिटं आणि अर्जदाराची आई

माझी पीएच.डी. दीड वर्ष लांबली ती माझ्या आईच्या एका मतामुळे. लोकांच्या आया मुलांच्या शिक्षणासाठी दागिने मोडतात. माझ्या आईने भरल्या मीटिंगमध्ये माझा अर्ज फेटाळला. तोही दोनदा, आणि दोन्ही वेळा तिचं बरोबर होतं. यातलं शेवटचं मान्य करायला मला बराच वेळ लागला.

तेव्हा मी उल्हासनगरच्या एका कॉलेजात फिजिक्स शिकवत होतो आणि उरलेल्या वेळात संशोधन करत होतो. संशोधन म्हणजे एक पातळ फिल्म. द्रावण काचेवर ओतायचं, ओव्हनमध्ये वाळवायचं, सुटलेला पापुद्रा ताणून घ्यायचा, आणि मग त्यावर जरासा दाब पडला की चिमूटभर वीज निघते. मुंगी चालली तरी निघते, असं मी सगळ्यांना ठोकून द्यायचो. मुंगी कधी चालवून पाहिली नव्हती, पण उंदीर चालला की निघायची हे खरं.

अंबरनाथच्या एमआयडीसीत औषधांवर काम करणारी एक लहानशी प्रयोगशाळा होती. तिथे पांढऱ्या उंदरांना विसर पाडणारं औषध टोचायचे आणि मग तो विसर कशाने कमी होतो ते बघायचे. विसर पडलेला प्राणी चालतोही वेगळा का, हे माझ्या फिल्मने मोजायचं ठरलं. जमलं तर पुढेमागे म्हाताऱ्या माणसांच्या विसराचीही चाहूल आधी लागेल, असं मी अर्जात ऐटीत लिहिलं होतं. आईच्या विसराचं तेव्हा काही नव्हतं. निदान मला दिसलं नव्हतं.

फिल्म उंदराच्या पाठीवर राहायला हवी, म्हणून उंदराला जाकीट शिवायचं होतं. उल्हासनगरात शिकवणाऱ्याला शिंपी शोधावा लागत नाही. मी ज्याच्याकडे गेलो तो जीन्स शिवणारा कारखानदार होता, शेठ सिंधी आणि कारागीर उत्तरेकडचे. मी कागदावर काढलेला नमुना पुढे केला. शेठनी तो सरळ करून पाहिला, उलटा करून पाहिला.

“साईं, बच्चे का है?”

“चूहे का.”

शेठच्या चेहऱ्यावरची रेषही हलली नाही. धंद्यात त्यांनी याहून विचित्र ऑर्डरी घेतल्या असाव्यात. त्यांनी फक्त छाती किती ठेवू आणि घेरात किती सोडू एवढं विचारलं. आठवड्याने बारा जाकिटं मिळाली, निळ्या डेनिमची, पिवळ्या दोऱ्याची दुहेरी शिलाई, आणि मी सांगितलेलं नसताना प्रत्येकाला डाव्या बाजूला एक इवलासा खिसा. खिशाशिवाय माल कच्चा दिसतो, असं शेठचं म्हणणं होतं. फिल्मची वायर त्या खिशात इतकी बरोबर बसली की तो खिसा मी पुढे माझीच कल्पना म्हणून खपवला.

आता राहिली परवानगी. प्राण्यांवर प्रयोग करायचा तर आधी समितीपुढे अर्ज ठेवावा लागतो, आणि त्या समितीत एक माणूस बाहेरचा लागतो, जो शास्त्रज्ञ नाही. प्रयोगशाळेत एक निवृत्त पोस्टमास्तर ते काम करायचे, पण ते मुलाकडे राहायला नाशिकला गेले. जागा रिकामी झाली आणि माझ्या सुपीक डोक्यात किडा वळवळला.

माझी आई अंबरनाथच्या एका कारखान्यात पॅकिंग खात्यात पंचवीस वर्षं होती. त्यापेक्षा महत्त्वाचं म्हणजे आमच्या विहारातल्या महिला मंडळाची ती सोळा वर्षं चिटणीस होती. वर्षावासाच्या वाचनापासून जयंतीच्या भोजनापर्यंत काहीही करायचं असलं तरी तिच्या मंडळात आधी सूचना मांडली जायची, तिला अनुमोदन मिळायचं, मग हात वर, मग इतिवृत्तात नोंद. सतरंजी कोणत्या रंगाची घ्यायची यावर तिने एकदा गुप्त मतदान घेतलं होतं. अशी बाई कुठल्याही समितीला शोभली असती. पण मी तिचं नाव सुचवलं ते या गुणांसाठी नाही. घरचा मेंबर म्हणजे सही पक्की, एवढाच माझा हिशोब होता. शिफारशीत मी लिहिलं, ‘सामाजिक कार्यकर्त्या.’ खोटं काहीच नव्हतं. आडनाव एकच होतं, पण आमच्याकडे त्या आडनावाची पन्नास घरं सापडतील, त्यामुळे अध्यक्ष असलेल्या डॉक्टर मॅडमनी काही विचारलं नाही आणि मीही तोंड उघडलं नाही. आईला वाटलं, त्यांना माहीत असणारच.

पहिल्या मीटिंगला ती विहारात नेसायची ती पांढरी साडी नेसून, चष्मा पुसून बसली. डॉक्टर मॅडम पशुवैद्य होत्या, बाकी तिघं प्रयोगशाळेतले. चहा आला, बिस्किटं आली. बाकीच्यांनी माझा अर्ज वजन करावं तसा हातात धरून खाली ठेवला. आईने तो पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत वाचला. सगळे थांबले. चहा गार झाला. मग तिने मान वर केली आणि जन्मात पहिल्यांदा मला अहो-जाहो केलं.

“अर्जदारांनी सांगावं, हे जाकीट दिवसाचे किती तास?”

वीस, मी म्हणालो.

“पाठ खाजली तर त्याने काय करायचं?”

प्राणीघर सांभाळणारे मामा नमुना म्हणून जाकीट घातलेला एक उंदीर घेऊन आले होते. हे मामा चामटोली गावचे, घरची भातशेती करून नोकरी करणारे. उंदीर टेबलावर ठेवला तर तो हलेना. लग्नाला नेण्यासाठी करकरीत कपडे चढवलेल्या पोरासारखा हात आखडून बसून राहिला. मामांना कोणी काही विचारलं नव्हतं, तरी ते म्हणाले, “आंगावं घातल्यापासना खात न्हाय तो.”

आईने तिसरा प्रश्न विचारला. जाकीट न घालता हे कळणारच नाही का? मी म्हणालो, कळेल, पण फिल्म पिंजऱ्याखाली बसवायची तर सगळं नव्याने करावं लागेल, सहा-आठ महिने जातील.

“म्हणजे तुमचे सहा महिने वाचावेत म्हणून त्याने सहा आठवडे खाजवायचं नाही. मला हे मान्य नाही. तशी नोंद घ्या.”

परवानगी एकमताने द्यायची पद्धत होती, त्यामुळे अर्ज तिथेच आडवा झाला. संध्याकाळी शिरगावला घरी तिने मला नेहमीसारखं सुकट आणि भात वाढला, वर लिंबू पिळून दिलं. मी फुगून बसलो होतो. ती एवढंच म्हणाली की मीटिंगमधलं मीटिंगमध्ये, आणि आणखी थोडं सुकट वाढलं. माझी बायको पदरात तोंड लपवून हसत होती. सासूवर एवढी खूश मी तिला पूर्वी पाहिली नव्हती.

त्यानंतरच्या काही महिन्यांत आईचं सुरू झालं. वरणात दोनदा मीठ. मग एक दिवस मिठाशिवाय वरण आणि वर मलाच विचारणा की जेवताना तोंड वाकडं का करतोस. उल्हासनगर कॅम्पच्या बाजारात ब्लाउजपीस घ्यायला गेली आणि ब्लाउजपीस घेऊन आली, पण आदल्या आठवड्यात घेतलेल्या तीन ब्लाउजपीसांच्याच रंगाचा. शेजारणीला एकच गोष्ट एकाच दुपारी दोनदा सांगितली, आणि शेजारीण इतकी भली की दोन्ही वेळा हसली. डॉक्टरांनी तपासून सांगितलं, ही सुरुवात आहे. मी घाबरलो. विसर पडलेल्या उंदरांचे कागद मी रोज चाळत होतो, त्यामुळे पुढे काय होतं ते मला फार नीट माहीत होतं.

आणि तरीही, किंवा त्यामुळेच, मी ते केलं. लिहायला लाज वाटते, पण लिहायलाच बसलोय तर लिहितो. मी तोच अर्ज पुन्हा टाकला. शीर्षक बदललं, तारीख बदलली, ‘जाकीट’ या शब्दाच्या जागी ‘मऊ कापडी आवरण’ घातलं. डेनिम मऊ कधी झालं ते देव जाणे. डॉक्टर मॅडमपुढे वर्षभरात ढीगभर अर्ज येतात, त्यांच्या लक्षात राहणार नाही. आणि आईच्याही लक्षात राहणार नाही. हे दुसरं वाक्य मी मनात पूर्ण उच्चारलं नव्हतं, पण ते होतं.

मीटिंगच्या दिवशी सकाळी ती चष्मा लावून अर्ज वाचत होती. मधेच थांबली.

“हे आधी येऊन गेलं होतं का रे?”

“नाही,” मी म्हणालो. “नवीन आहे.”

तिने मान डोलावली आणि पुढचं पान उलटलं.

मीटिंगमध्ये सगळं सुरळीत चाललं होतं. बिस्किटंसुद्धा यावेळी क्रीमची होती. मामा आवरण घातलेला उंदीर घेऊन उभे होते. मग आईने मान वर केली आणि विचारलं, अर्जदारांनी सांगावं, हे आवरण दिवसाचे किती तास? मी वीस म्हणालो. पाठ खाजली तर त्याने काय करायचं? न घालता हे कळणारच नाही का? तेच तीन प्रश्न, त्याच क्रमाने, त्याच आवाजात. मी तेच उत्तर दिलं, कारण दुसरं नव्हतंच, आणि तिने तशी नोंद घ्या म्हणून सांगितलं. तिला मागची मीटिंग अजिबात आठवत नव्हती. तिला ती आठवायची गरजही नव्हती. ती काही पाठ करून बोलणारी बाई नव्हती. उंदराकडे पाहून तिला जे आधी वाटलं तेच आताही वाटलं, बस. मी तिच्या विसरावर पैज लावली होती आणि तिच्या स्वभावाने मला चारी मुंड्या चीत केलं.

डॉक्टर मॅडम मात्र चमकल्या. त्यांनी इतिवृत्ताची वही मागे मागे उलटली, एका पानावर थांबल्या, बोट ठेवून वाचलं. मग आईला विचारलं की हेच प्रश्न तुम्ही मागेही विचारले होते, आठवतं का? आईने क्षणभर विचार केला. ती सहज थाप मारू शकली असती. मी तरी मारली असती.

“नाही आठवत,” ती म्हणाली.

मामा उंदराला घेऊन हळूच बाहेर गेले. मीटिंग संपल्यावर मॅडमनी मला कोपऱ्यात घेतलं. त्या रागावलेल्या नव्हत्या, उलट फार हळुवार बोलत होत्या. त्या बाईंना विसर पडायला लागलाय, म्हणाल्या, आणि अशा माणसाला या जागेवर ठेवता येत नाही. तुम्हीच त्यांना आणलंत, तर तुम्हीच जरा सांभाळून सांगा. नवा मेंबर मिळाला की तुमचा अर्ज परत घेऊ. माझ्यासाठी दार सताड उघडं झालं होतं. मला फक्त गप्प बसायचं होतं, आणि गप्प बसण्यात मी तरबेज होतो.

रिक्षा शिवमंदिराच्या वळणावर आली. बाहेर बघतच आईने विचारलं, ते उंदरांना टोचतात, त्याचा परिणाम किती वेळ राहतो? मी म्हणालो, काही तास.

“मग परत आठवतं त्यांना?”

“हो, आठवतं.”

“बरं आहे त्यांचं,” ती म्हणाली. थोड्या वेळाने म्हणाली, “मागच्या मीटिंगचं मला खरंच आठवत नाही. पण आज सकाळी मी तुला विचारलं, हे आधी येऊन गेलं का, आणि तू नाही म्हणालास. ते मला आठवतंय.”

मी रिक्षाच्या मीटरकडे बघत राहिलो. तो बंद होता.

त्या संध्याकाळी तिने स्वतःच राजीनामा लिहिला. आधी पाठकोऱ्या कागदावर कच्चा, मग चांगल्या कागदावर पक्का, मंडळाच्या वळणदार अक्षरात. ‘स्मरणशक्ती कमी झाल्यामुळे मी या समितीवर काम करण्यास पात्र नाही.’ तिने सही केली, माझ्याकडे दिला आणि उद्या पोचता कर म्हणून सांगितलं. माझं नाव त्यात कुठेही नव्हतं. मी खोटं बोललो होतो आणि अपात्र ती ठरली होती. हे लिखित स्वरूपात, सुवाच्य अक्षरात, माझ्या शर्टाच्या खिशात होतं. दोन दिवस मी तो कागद घेऊन कॉलेजात हिंडलो. प्रॅक्टिकलला पोरांनी चुकीची रीडिंग दाखवली तर मी त्यांच्यावर खेकसलो की आकडे बनवू नका. त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं की जणू त्यांना सगळं माहीत होतं.

तिसऱ्या दिवशी मी डॉक्टर मॅडमकडे गेलो आणि ओकून टाकलं. अर्ज तोच होता, मला माहीत होतं. त्यांनी सकाळी मला विचारलं होतं, मी नाही म्हणालो. आणि त्या माझ्या आई आहेत. शेवटच्या वाक्याला मॅडमनी पेन खाली ठेवलं. मग त्या जे बोलल्या ते इथे सगळं देत नाही. सारांश असा की त्यांच्या प्राणीघरात इतका बनेल प्राणी आजवर आला नव्हता. माझे अर्ज सहा महिने बंद झाले. मी विचारलं, आणि आईचं? नियमाप्रमाणे अर्जदाराचा नातेवाईक समितीवर बसू शकत नाही, त्यामुळे त्यांना काढावं लागेल, त्या म्हणाल्या. कारण काय लिहाल, मी विचारलं. हेच, अजून काय, त्या म्हणाल्या. विसराचं वहीत काही येणार नाही ना? मॅडमनी वही मिटली. नियमात पहिलं कारण पुरे असलं की दुसरं लागत नाही, असं त्या म्हणाल्या आणि मला जायला सांगितलं.

पत्र पोस्टाने घरी आलं. सदर सभासद या अर्जदाराच्या मातोश्री असल्याने त्यांना समितीतून मुक्त करण्यात येत आहे, त्यांनी दोन्ही बैठकांत नोंदवलेले आक्षेप योग्य असून कायम ठेवण्यात येत आहेत. मी आईचा राजीनामा तिला परत दिला आणि सगळं सांगितलं. मला वाटलं होतं तिला बरं वाटेल. ती भडकली. खोटं बोलल्याचं तिने रिक्षातच पचवलं होतं. तिला झोंबलं ते वेगळंच. वर्षभर मी त्यांचा चहा प्यायले, बिस्किटं खाल्ली, आणि त्यांना माहीतच नव्हतं की मी तुझी आई आहे? सोळा वर्षांत तिच्या मंडळात असा प्रकार घडला नव्हता. ती माझ्याशी बोलायची बंद झाली. दुसऱ्या दिवशी सकाळी ती अबोला विसरली आणि चहा घेऊन आली, तर बायकोने तिला आठवण करून दिली. मग तिने कप माझ्यासमोर ठेवला आणि वळून निघून गेली. असा तो अबोला आमच्या घरात दोन बायकांनी मिळून चार दिवस चालवला.

सहा महिन्यांनी मी फिल्म पिंजऱ्याखाली बसवून नवा अर्ज केला. नव्या मेंबरनी, एका निवृत्त मुख्याध्यापकांनी, एकही प्रश्न न विचारता सही केली. मला चक्क राग आला. पिंजऱ्यात नेहमीसारखं भाताचं तूस होतं, उंदरांना खालच्या फिल्मचा पत्ताही नव्हता, ते खात होते, खाजवत होते, आणि आकडे इतके स्वच्छ आले की जाकिटातून कधीच आले नसते. प्रबंधात तिसऱ्या प्रकरणात मी ही सुधारणा मोठ्या थाटात मांडली आहे. ती सुचवली कोणी ते तिथे लिहायची सोय नव्हती. जाकिटं मामा चामटोलीला घेऊन गेले. त्यांच्या नातीच्या बाहुल्या पुढे दोन-तीन वर्षं डेनिममध्ये वावरत होत्या.

मग आईचं दुखणं वाढलं. एकदा ती दुपारी घरातून निघून पार स्टेशनपर्यंत गेली. बायको म्हणाली, ती तुमची फिल्म दारातल्या पायपुसण्याखाली घाला आणि बेल जोडा. मी साहित्य काढलंही. पण यावेळी मी आईसमोर बसलो, फिल्म तिच्या हातात दिली आणि काय करणार ते सांगितलं. तिने ती उजेडात धरून पाहिली. किती तास, तिने विचारलं. मी हसलो, तिला का ते कळलं नाही. शेवटी तिने रात्रीची परवानगी दिली. दिवसा नाही. दिवसा मी कुठे जाते ते मला विचारायचं, म्हणाली. आम्ही विचारायला लागलो. कधी ती सांगायची, कधी तिलाच माहीत नसायचं, मग आमच्यापैकी कोणीतरी चपला घालून बरोबर जायचं.

पुढे पुढे ती दिवसभर तिची जुनी फाइल घेऊन बसायची. मंडळाच्या पावत्या, रेशनकार्ड, कारखान्याचा सेवा दाखला. एका सकाळी मी शेजारी जाऊन बसलो तर ती सावरून बसली आणि अदबीने म्हणाली, “तुम्ही कोणाकडे आलात?”

याआधी असं झालं नव्हतं. डोळ्यांत पाणी यायच्या आत मी फाइल उघडली आणि प्रयोगशाळेचं ते पत्र काढून तिच्या हातात दिलं. तिने चष्मा लावला. पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत वाचलं, तेवढा वेळ घेऊन.

“हे अर्जदार म्हणजे तुम्ही?”

“हो.”

तिने पुन्हा एकदा वरची ओळ वाचली. मग कागदावरून माझ्याकडे पाहिलं, चांगलं रोखून.

“मग नियमाने बरोबरच काढलंय मला,” ती म्हणाली. “पण मी तुझी आई आहे हे तू त्यांना आधीच का नाही सांगितलंस?”

चुकलं माझं, मी म्हणालो, आणि तिला सगळं पहिल्यापासून सांगायला लागलो.